अम्माच्या दारापुढचा ताणा

परवा दुपारी टीव्हीवर टाय लावलेला एक माणूस नकाशावर काठी फिरवत सांगत होता, की शेजारच्या देशाची फौज उतरली आणि युद्धाला निर्णायक वळण मिळालं. वळण म्हणे. जसं काही आमच्या शहरातल्या नंदनवन वस्तीतून लकडगंजकडे रिक्षा वळली. मी शेंगा सोलत होते. ताट बाजूला ठेवलं आणि टीव्ही बंद केला. सून स्वयंपाकघरातून डोकावली, "काय झालं आई?" मी म्हटलं, काही नाही, लाईट वाचवते आहे. तिला काय सांगणार? माझा सख्खा भाऊ असल्याच एका वळणावर बंदूक घेऊन उभा होता. तो कोणत्या लढाईत होता असं कोणी विचारतं, तेव्हा स्वतःच पुढे म्हणतं, "पाकिस्तानच्या ना?" नाही, श्रीलंकेच्या. मग समोरचा "अच्छा, ती होय" म्हणतो आणि चहाचा घोट घेतो. त्या "अच्छा, ती होय"चा मला इतका राग येतो की कप हिसकावून घ्यावासा वाटतो. राग निवल्यावर लिहू, म्हणून इतकी वर्षं थांबले. तो काही निवला नाही. आता माझेच गुडघे निवत चालले आहेत, तेव्हा लिहून टाकते.

आमची गल्ली लकडगंजच्या मागच्या अंगाला होती. बहुतेक घरं विणकरांची. पहाटेपासून मागांची खटखट सुरू व्हायची आणि आम्हा पोरांना त्या आवाजाची एवढी सवय, की एखाद्या दुपारी सगळे माग एकदम थांबले तर आम्ही दचकून विचारायचो, कोण गेलं? बाबा खड्ड्यात पाय सोडून मागावर बसायचे, आई सुताच्या कांड्या भरायची, मी शाळेतून आले की आईच्या हातातलं काम माझ्या हातात यायचं. घरात कायम सुताचा, ओल्या खळीचा आणि चुलीवरच्या तुरीच्या वरणाचा वास एकत्र असायचा. अजून कुठे भाताची पेज सांडली, तर मला ते घर आठवतं आणि आधी बरं वाटतं, मग राग येतो.

ताण्याला, म्हणजे मागावर लावायच्या उभ्या सुताला, आधी खळ पाजावी लागते. त्याशिवाय सूत मागावर टिकत नाही. हे काम घरात होत नाही, कारण ताणा लांब असतो. तो गल्लीत बांबूच्या काठ्यांवर ताणायचा, सगळ्यांच्या दारांवरून न्यायचा, आणि ऊन चढायच्या आत दोघादोघांनी कुंचे घेऊन खळ चोपडत, धागा धागा सुटा करत जायचं. ज्याची पाजणी असेल त्या सकाळी बाकीचे आपल्या खाटा, सायकली, कोंबड्यांचे डालगे उचलून घ्यायचे. आणि एक रीत अशी होती, की ओल्या ताण्याला कोणी आडवं जायचं नाही. खालून वाकून नाही, वरून ओलांडून तर नाहीच. घाई असली तर पूर्ण गल्लीला वळसा घालून जा. एकदा बँडबाजासकट एक वरात गल्लीच्या तोंडाशी थांबली होती. नवरदेव घोड्यावर घामाघूम, आणि वरातीतले म्हातारे म्हणत होते, "थांबा गा, सुकू द्या त्याचा ताणा." त्या नवऱ्याचा मुहूर्त टळला, पण ताणा कोणी तोडला नाही.

समोरच्या घरात शंकरनबाबू हे तमिळ गृहस्थ भाड्यानं राहायचे. ते रेल्वेच्या पार्सल ऑफिसात होते, आमच्या साड्यांचे गठ्ठे त्यांच्या हाताखालून जायचे, तिथेच बाबांची त्यांच्याशी ओळख झाली आणि बाबांनीच त्यांना घर दाखवलं. त्यांच्या बायकोला सगळी गल्ली अम्मा म्हणायची. मूल नव्हतं. सकाळी दारात सडा घालून ती पांढऱ्या पिठाची अशी रांगोळी काढायची, की आमच्या बायका आपली रांगोळी पायानं पुसून टाकायच्या. तिचं हिंदी तोडकंमोडकं, आमचं तर त्याहून वाईट, त्यामुळे आईचं आणि तिचं छान जमायचं. अम्मा सांबार म्हणाली की आई कोथिंबिरीची जुडी काढून द्यायची, कारण आमच्याकडे सांबार म्हणजे तेच. मग दोघी हसत बसायच्या. अम्माकडे रोज दोन वेळा भात. त्याची घट्ट पेज ती फेकायची नाही, आमच्या पाजणीसाठी पितळी घागरीत साठवून द्यायची. बाबा म्हणायचे, अम्माच्या पेजेची खळ असली की धागा तारेसारखा वाजते. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मारबत निघायची तेव्हा अम्मा आमच्यासोबत ओट्यावर उभी राहून तो गावाबाहेर नेऊन जाळायचा भलामोठा पुतळा बघायची आणि पोरांबरोबर तीही ओरडायची, "ईडा पीडा घेऊन जा गे मारबत!" तिच्या तोंडून ते ऐकून सुधाकरदादा पोट धरून हसायचा.

सुधाकरदादा माझा थोरला भाऊ. मागावर त्याचं मन नव्हतं, अंगानं दांडगा, कामठीला फौजेच्या भरतीत उभा राहिला आणि निवडला गेला. त्या वर्षी तो रजेवर आलेला असताना पोळ्याच्या तोंडावर तार आली, ताबडतोब हजर व्हा. रेडिओवर तेव्हा एकच विषय होता. श्रीलंकेत तिथलं सरकार आणि तिथले तमिळ लढवय्ये यांची लढाई बरीच वर्षं चालली होती. आपल्या सरकारनं करार केला होता आणि आपली फौज मध्ये उभी राहायला जात होती. लढायला नाही, शांतता राखायला. तमिळ लोकांनी आपल्या जवानांना हार घातले, असं बातम्यांत सांगत होते. म्हणजे दादा अम्माच्याच लोकांना वाचवायला चालला, असं सरळ गणित आमच्या गल्लीनं मांडलं. अम्माचं माहेर मदुरेकडचं, त्या बेटाशी तिचा काडीचा संबंध नव्हता, पण त्या दिवसांत तिला कोण मान. बायका तिला हळदीकुंकू लावून गेल्या.

जायच्या आदल्या संध्याकाळी दादा अम्माच्या ओट्यावर बसला. "अम्मा, वहां के लोगों को क्या बोलना, वो सिखा दो," म्हणाला. अम्मानं त्याला एकच वाक्य शिकवलं. बयप्पडादींग, नांग इरुक्कोम. घाबरू नका, आम्ही आहोत. दादानं ते घोकून घोकून तोंडपाठ केलं. आमच्या घरात जेवताना, हात धुताना तेच. बाबांनी विचारलं, "काय बडबडून राहिला गा?" तर म्हणाला, "बाबा, बंदुकीपेक्षा हे जास्त कामाचं हाय." अम्मानं त्याला दहीभात बांधून दिला आणि म्हणाली, "वापस आएगा तो पहला खाना मेरे घर. तब तक मैं ये गली नहीं छोड़ती." सकाळी मनोहर टालवाल्यानं दादाच्या गळ्यात झेंडूचा हार घातला. या मनोहरभाऊचा बापही विणकरच, पण यानं माग विकून लाकडाची टाल, म्हणजे वखार, टाकली होती आणि गल्लीच्या प्रत्येक कामात पुढे उभं राहायची त्याला हौस होती. "आमचा पोट्टा शांतता कराले चालला," असं तो जिलबी वाटत सांगत होता.

पुढे काय झालं ते आता सगळ्यांना पुस्तकात वाचता येतं, कोणी वाचत नाही ही गोष्ट वेगळी. दोघांच्या भांडणात तिसरा गेला आणि ते भांडणच त्याच्या अंगावर आलं. लढवय्यांनी बंदुका खाली ठेवायच्या होत्या, त्या ठेवल्या नाहीत. मग ज्यांना वाचवायला गेले त्यांच्याच गल्ल्यांमध्ये आपले जवान लढू लागले, आणि ज्या सरकारी फौजेपासून वाचवायचं होतं ती बराकीत बसून बघत राहिली. लढाईचं तोंड फिरलं. दिल्लीत कोणीतरी कागदावर सही केली आणि जाफन्यात माझ्या भावाचा मित्र एका रात्रीत शत्रू झाला. दसऱ्याच्या सुमाराला हे घडत होतं. रेडिओ मात्र परिस्थिती नियंत्रणात आहे, एवढंच म्हणायचा. शंकरनबाबूंकडे गाडीच्या पार्सलमधून तमिळ पेपर यायचा. त्यात वाचून अम्मानं रडत रडत आईला सांगितलं, की लढाई जुंपली आहे, दोन्हीकडचे मरताहेत. आई कांडी हातात धरून तशीच बसून राहिली. दादाचं पत्र येणं थांबलं होतं ते का, हे तिला तेव्हा कळलं.

पण अम्मानं सांगितलेलं खरं निघालं, हीच तिची चूक झाली. गल्ली कुजबुजू लागली. हिला आपल्या आधी कसं माहीत? हिच्याकडे कोणता पेपर येतो? शाळा शिकलेले लोकही हे विचारत होते, म्हणून सांगते आहे. नळावर अम्माची घागर मागे सरकवली जाऊ लागली. आई तिची घागर उचलून पुन्हा पुढे ठेवायची आणि कोणाकडे न बघता म्हणायची, "नळ काही कोणाच्या बापाचा नाही." मग एक दिवस कन्हानच्या एका जवानाची शवपेटी आली. आमच्या गल्लीतली पोरं मनोहरभाऊच्या ट्रकमध्ये बसून अंत्ययात्रेला गेली. परत आली ती पेटून. त्या आईबापाचं दुःख बघून आलेल्या माणसानं घरी येऊन गप्प बसावं. यांनी ठरवलं, की उद्या सकाळी तमिळांना गल्लीतून काढायचं.

हे आम्हाला शेजारच्या काकूनं भिंतीवरून सांगितलं. आई म्हणाली, "सुधाकर तिकडं मरून राहिला की जगून, हे ठाऊक नाही, आन् त्याच्या नावानं हे इकडं तमाशा करणार." बाबा जेवत होते. बाबा फारसे बोलायचे नाहीत. त्यांनी भाकरीचा शेवटचा तुकडा पिठल्यात बुडवून खाल्ला, पाणी प्यायले आणि म्हणाले, "उद्या आपली पाजणी."

"उद्या काहून? ताणा तर परवा लावणार होता ना?" आई म्हणाली.

"उद्या," बाबा म्हणाले. "अम्माले सांगून ये, पेज ठेव म्हणा."

सकाळी उजाडायच्या आत बाबांनी काठ्या रोवल्या. दरवेळी ताणा गल्लीच्या मध्यातून जायचा. त्या दिवशी बाबांनी तो समोरच्या अंगानं घेतला, अम्माच्या ओट्याला अगदी चिकटून, की तिच्या दाराशी जायचं तर ताण्यातूनच जावं लागेल. आमच्याकडची वाट मोकळी, तिची बंद. आई आणि मी कुंचे घेऊन लागलो. अम्मानं खिडकीच्या गजांतून पेजेचं भांडं बाहेर दिलं. बाबा नेहमीच्या आवाजात म्हणाले, "अम्मा, थोडी और गाढ़ी."

ते आले. पुढे मनोहरभाऊ, मागे तीस-चाळीस माणसं, त्यांत आमचेच शेजारी. घोषणा काय, तर "ईडा पीडा घेऊन जा गे मारबत". पोळा होऊन किती दिवस झाले होते, मारबत केव्हाच जळून गेली होती, आणि ही माणसं एका बाईच्या दारात ते ओरडत होती. जी बाई आमच्या ओट्यावर उभी राहून आमच्याबरोबर तेच ओरडली होती. ताण्यापाशी आल्यावर मात्र सगळे थांबले. पायच थांबले त्यांचे. विणकराच्या पोटची पोरं ती. घोषणाही हळूहळू विरली. कोणीतरी म्हणालं, "सुकू द्या, मग बघू." आणि खरंच ते सगळे भिंतीला टेकून सुकायची वाट बघत उभे राहिले. मला आजही हसू येतं आणि त्या हसण्याचाच राग येतो. माणसाला हाकलायला आलेली माणसं सुतासाठी थांबली होती.

बाबांनी ताणा सुकूच दिला नाही. एक हात झाला की दुसरा, दुसरा झाला की पुन्हा खळ. अम्मा आतून पेज देत होती, आम्ही चोपडत होतो. ऊन चढलं. इतकी खळ झाली की धागे एकमेकांना चिकटायला लागले. हा ताणा आता मागावर चढायचा नाही, हे मलाही कळत होतं. कित्येक दिवसांचं काम बाबा स्वतःच्या हातानं वाया घालवत होते. आई म्हणाली, "नासून राहिला ना तो." बाबा म्हणाले, "नासू दे. चोपड."

मनोहरभाऊलाही ते कळलं. बापाच्या घरात त्यानंही कुंचा धरला होता. तो पुढे आला आणि म्हणाला, "बस झालं, वासुदेवराव. तुमचा पोरगा तिकडं गोळ्या खाऊन राहिला, आन् तुमी इकडं त्यायच्या बाईले राखता?"

बाबांनी वर बघितलंही नाही. "पाजणी चालू हाय, मनोहर. पलीकडून जाय."

मनोहर चपलांसकट ताण्यातून चालत गेला. ओलं सूत तटातटा तुटलं. तो आवाज फार लहान असतो, मागाच्या खटखटीत ऐकूही येणार नाही, पण त्या वेळी गल्लीत दुसरा आवाजच नव्हता. त्यानं अम्माच्या दारावर हातानं थापा मारल्या आणि सांगितलं, दिवाळीच्या आत घर खाली करा. एवढंच. मागच्या माणसांपैकी एकही त्याच्यामागून गेला नाही. पण एकानंही त्याला अडवलं नाही, मागे ओढलं नाही, हे काय केलंस असं विचारलं नाही. ज्यांनी वरातीतला घोडा थांबवला होता ते म्हातारे तिथेच होते. मान खाली घालून आपापल्या घरात गेले. थोड्या वेळानं त्यांच्या मागांची खटखट सुरू झाली. मनोहरभाऊला मी एक वेळ सोडून देईन, त्यांना नाही.

बाबा खाली बसून तुटलेले धागे जोडायला लागले. काही उपयोग नव्हता, तरी जोडत होते. मी दात खाऊन म्हटलं, "बाबा, टाका ना आता ते." तर म्हणाले, "हात रिकामे असले की कोणाच्या तरी अंगावर जाईन, निर्मे. जोडू दे."

अम्मा गेली. शंकरनबाबूंनी धावपळ करून मद्रासकडे बदली मागून घेतली. आईनं पुष्कळ म्हटलं, नका जाऊ, आम्ही आहोत. अम्मा म्हणाली, "आज धागा तोड़ा, कल तुम लोगों का घर तोड़ेंगे. सुधाकर आएगा तो बोलना, मैं गली छोड़ के गई, माफ करना." मला आईच्या "आम्ही आहोत"वर अम्माचं वाक्य आठवलं आणि मी उठून मोरीत जाऊन तोंड धुतलं. पत्ता द्यायचं ठरलं होतं. क्वार्टर मिळाली की कळवतो, असं शंकरनबाबू म्हणाले. कळवलं नाही. का कळवावं त्यांनी?

दादा जिवंत आला. फार उशिरा आला, आणि मधल्या पत्रांत आम्ही त्याला अम्माचं काही कळवलं नव्हतं. तोवर त्या बेटावरच्या सरकारनंही आपल्या फौजेला जा म्हणून सांगितलं होतं, आणि इकडे नवे पुढारी जुन्यांवर ढकलून मोकळे झाले होते. स्टेशनवर बाबा आणि मी दोघंच. ज्यांनी पाठवलं त्यांच्यापैकी कोणी हार घेऊन आलं नाही. हार आणला तो मनोहरभाऊनं, गल्लीच्या तोंडाशी, पोरं आणि ताशेवाला घेऊन. दादा वाळला होता, कानाजवळ जखमेचा वण होता. तो हारासाठी वाकला नाही. त्यांच्यामधून सरळ चालत अम्माच्या दारापर्यंत गेला. दारावर कुलूप होतं, ओट्यावर कोणीतरी सरपण रचलं होतं.

"अम्मा कुठं हाय?" त्यानं विचारलं.

आई रडायला लागली. मी पुढे होऊन सगळं सांगितलं, सगळ्यांच्या देखत, ताण्यासकट. मनोहरभाऊ हार हातात घेऊन म्हणाला, "तुझ्यासाठीच केलं ना गा सुधाकर. तू तिकडं, आन् त्यायचे लोक इकडं आरामात..."

दादानं त्याला शांतपणे विचारलं, "मले विचारलं होतं?"

दादा त्या सरपणावर बसला. त्या दिवशी तो घरात जेवला नाही. संध्याकाळी मी पाणी घेऊन गेले तेव्हा त्यानं सांगितलं. एकदाच सांगितलं, पुन्हा कधी नाही. जाफन्यात सुरुवातीला त्यांचा पहारा एका गल्लीत होता. तिथे एक म्हातारी अम्मासारखीच दारात रांगोळी काढायची. यानं तिला ते वाक्य म्हणून दाखवलं, तर याच्या उच्चारांना खूप हसली आणि बसायला पाट दिला. रोजची ओळख झाली. मग लढाई उलटली. त्याच गल्लीत घरोघर झडती घ्यायचा हुकूम आला आणि याच्या तुकडीनं तिच्याच दारात मशीनगन लावली. म्हातारी बाहेर आली, तिनं याला ओळखलं. "मले दुसरं काही येतच नव्हतं ना, निर्मे. हातात बंदूक, आन् मी तेच म्हणलं. घाबरू नका, आम्ही आहोत." म्हातारीनं त्याच्याकडे बघत तमिळमध्ये एक लांब वाक्य म्हटलं आणि दार लावून घेतलं. दुसऱ्या दिवशी त्या गल्लीत घरंच उरली नाहीत.

"तिचं वाक्य मले पाठ हाय," दादा म्हणाला. "अर्थ नाही समजला. ट्रेनिंगमध्ये हुकूम घोकतो तसं घोकून ठेवलं. म्हणलं, घरी गेल्यावर अम्माले विचारू. शिवी असन तर शिवी."

मी म्हटलं, रेल्वे कॉलनीत किती तमिळ आहेत, कोणालाही विचारू. तो म्हणाला, "नाही. ते फक्त अम्माच्या तोंडून ऐकू शकतो मी."

दादा पुढे कन्हानला नोकरीला लागला, लग्न झालं, पोरंबाळं झाली, सगळं रीतसर झालं. गल्लीतल्या पाजणीला त्यानं पुन्हा कधी हात लावला नाही. आता तर गल्लीत मागच नाहीत. मागच्या उन्हाळ्यात तो गेला. तेराव्याला नातू मला फोन दाखवत होता, की आजी, कोणत्याही भाषेत बोल, हा लगेच मराठीत सांगतो. मी फोन हातात घेतला. बयप्पडादींग, नांग इरुक्कोम, म्हटलं. फोननं बिनचूक सांगितलं. नातू खूश झाला, म्हणाला, आजी, अजून एक बोल.

दुसरं, त्या म्हातारीचं वाक्य मला येत नव्हतं. दादानं ते मला कधी ऐकवलंच नाही. त्याला ते ज्या बाईला ऐकवायचं होतं, तिला माझ्या गल्लीनं त्याच्याच नावानं हाकलून दिलं होतं.